आत्मसंरक्षणाचा हक्क आणि त्याची सीमा
(कार्यकर्त्यांच्या अभ्यासवर्गातील व्याख्यान)



आत्मसंरक्षणाचा हक्क हे दुबळ्याच्या हातचे शस्त्र आहे, अशी आपली समजूत असते. कायद्याचे शब्द पाहिले तर ती खोटी नाही. १८६० च्या दंडसंहितेतील ९६ ते १०६ ही कलमे १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेत ३४ ते ४४ या क्रमांकांनी, फारसा बदल न होता, आली आहेत. स्वतःच्या वा दुसऱ्याच्या देहाच्या रक्षणासाठी हल्लेखोराचा प्राणही घेता येतो. परंतु मृत्यू, जबर दुखापत, बलात्कार यांसारख्या संकटाचे वाजवी भय त्या क्षणी असले पाहिजे. भय सरले की हक्कही सरला. पळणाऱ्याच्या पाठीत घातलेला घाव हा बचाव नव्हे, सूड होय. सद्भावनेने व पूर्वयोजनेवाचून सीमा ओलांडली गेली, तर खुनाऐवजी सदोष मनुष्यवध ठरतो. सुटका होत नाही.

१९७५ साली पंजाबातील एका खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की, जमिनीवर ज्याचा ताबा स्थिरावला आहे त्याला खुद्द मालकानेही बळाने हुसकावता येत नाही. ताबेदाराला वाजवी प्रतिकाराचा हक्क आहे. कुळांच्या दृष्टीने हे मोलाचे आहे. मात्र नुसते पीक राखण्यासाठी कोणाचा जीव घेता येत नाही, हेही त्यांना आपणच समजावले पाहिजे. शिवाय बचाव संभवनीय होता हे दाखविण्याचा भार आरोपीवरच असतो, आणि तोपर्यंत तो बहुधा तुरुंगात असतो.

आता दुसरे चित्र पाहा. पोलिसांना प्राण घेण्याचा वेगळा परवाना या कलमांनी दिलेला नाही. तरीही चकमकीनंतर मृतालाच आरोपी करून गुन्हा नोंदवायचा, आणि आरोपी मरण पावला म्हणून तपास मिटवायचा, ही रीत रूढ झाली. राष्ट्रीय मानवी हक्क आयोगाने १९९७ साली तिच्यावर बोट ठेवले. बचाव होता की नव्हता हे ज्याने गोळी झाडली त्यानेच ठरवायचे, असा हा न्याय! २०१९ साली हैदराबादजवळ बलात्कार व खुनाच्या चार आरोपींना पोलिसांनी ठार केले, तेव्हा पोलिसांवर फुले उधळली गेली. त्या फुलांत पुरोगामी म्हणवणाऱ्यांचीही काही नव्हती, असे मी छातीठोकपणे म्हणू शकत नाही. न्यायमूर्ती सिरपूरकर आयोगाने २०२२ साली निष्कर्ष काढला की, गोळीबार बचावासाठी नव्हे, तर ठार मारण्याच्या हेतूनेच झाला होता.

मुंबईतील चकमकींच्या प्रकरणात सर्वोच्च न्यायालयाने २०१४ साली निर्देश दिले. मृत्यू घडलेल्या प्रत्येक चकमकीचा गुन्हा नोंदवावा, तपास गुन्हे अन्वेषण विभागाने वा दुसऱ्या ठाण्याच्या पथकाने करावा, दंडाधिकाऱ्याची चौकशी व्हावी, नातेवाइकांना लवकरात लवकर कळवावे. आपल्या तालुक्यात अशी घटना घडली, तर मृत मनुष्य कोण होता याची चर्चा करीत बसण्याआधी ठाण्यावर जावे आणि गुन्हा कोणाविरुद्ध नोंदवला आहे, तपास कोणाकडे दिला आहे, हे लेखी विचारावे.