विजयाबाई मुळे आणि मुलांचा पडदा
(वर्धापनदिनाच्या सभेत केलेले भाषण)



चिटणीसबाईंनी मला ‘मुलांचे मनोरंजन’ हा विषय दिला. विषय मोठा आणि वेळ थोडा, म्हणून मी एकाच बाईंविषयी चार शब्द सांगते. त्यांचे काम आपल्यापैकी पुष्कळजणींनी लहानपणी दूरदर्शनवर पाहिले आहे. नाव मात्र फार थोड्यांना ठाऊक असेल. त्या म्हणजे विजया मुळे. अभिनेत्री सुहासिनी मुळे यांच्या त्या मातोश्री, असे म्हटले की लगेच माना डोलतात. पण बाईंची ओळख लेकीच्या नावाने का द्यावी लागावी?

विजयाबाईंचा जन्म मुंबईचा, १९२१ सालचा. लग्नानंतर त्या पाटण्यास गेल्या. संसार सांभाळून तेथे शिकल्या आणि १९४६ साली शिष्यवृत्ती मिळवून विलायतेत लीड्स येथे शिक्षणशास्त्र शिकावयास गेल्या. चित्रपटाकडे डोळसपणे पाहण्याची गोडी त्यांना तिथे लागली. पुढे सरकारी नोकरी, फिल्म सोसायट्यांची उभारणी, माहितीपट अशी त्यांची वाटचाल झाली.

आणि १९७४ साली ‘एक अनेक और एकता’ हा छोटासा चित्रपट आला. तो विजयाबाईंनी केला. चित्रांची बाजू भीमसेन यांची आणि संगीत आपल्या वसंत देसाईंचे. त्याला राष्ट्रीय पुरस्कारही मिळाला. गोष्ट जुनीच, पंचतंत्रातली. पाखरे जाळ्यात सापडतात, जाळ्यासकट उडतात आणि मित्र उंदीर ते जाळे कुरतडतात. पण सांगण्याची रीत पाहा. लहान भाऊ ‘अनेक म्हणजे काय?’ असे विचारतो आणि ताई आभाळाकडे बोट दाखवून त्याला समजावते. उपदेश नाही, वटारलेले डोळे नाहीत. एका प्रश्नातून दुसरा प्रश्न निघतो आणि शेवटी मुले आंबे काढण्याची युक्ती शोधू लागतात. आपण आया मात्र प्रश्न पुरा होण्याआधीच उत्तर देऊन मोकळ्या होतो!

चित्रपट जेमतेम सात मिनिटांचा. पण पडद्यावर एका सेकंदात चोवीस चौकटी सरकतात, म्हणजे सात मिनिटांच्या दहा हजार झाल्या. एकच चित्र दोन-दोन चौकटींना वापरले तरी हजारो चित्रे लागणार. अशा कामात मागाहून एक वाक्य बदलायचे म्हणजे चित्रकारांची कितीतरी मेहनत पाण्यात. तेव्हा लिहिणाऱ्याला प्रत्येक शब्द आधीच तोलून घ्यावा लागतो.

यानंतर विजयाबाईंकडे दिल्लीच्या शैक्षणिक तंत्रज्ञान केंद्राची धुरा आली. १ ऑगस्ट १९७५ पासून वर्षभर, अमेरिकेच्या उपग्रहावरून सहा राज्यांतील सुमारे २४०० खेड्यांत दूरदर्शनचे कार्यक्रम दाखविले गेले. तो ‘साईट’ प्रयोग. त्यातील मुलांच्या कार्यक्रमांच्या कामात हे केंद्र होते. उपग्रहावरून चित्र एकच येई, आवाज मात्र दोन भाषांत पाठविता येत. एक भाषा बोलणाऱ्या मुलाला आणि दुसरी भाषा बोलणाऱ्या मुलीला तेच चित्र पाहून कळले पाहिजे, म्हणजे लिहिणाऱ्याने शब्दांवर किती कमी विसंबावे, विचार करा.

विजयाबाई थांबल्या नाहीत. परदेशी चित्रपटांतल्या भारतावरचा त्यांचा जाडजूड ग्रंथ २०१० साली निघाला, तेव्हा त्या नव्वदीच्या उंबरठ्यावर होत्या. २०१९ साली, वयाच्या अठ्ठ्याण्णवाव्या वर्षी त्या गेल्या.

हे सारे आज सांगण्याचे कारण असे. आपल्या सातिवलीत कारखान्यांच्या निमित्ताने नाना प्रांतांची कुटुंबे आली आहेत. त्यांची मुले आपल्या मुलांच्या शेजारी बसतात, पण खेळतात वेगळी. बोलणे कळत नाही, आणि हातात फोन आला की बोलण्याची गरजही उरत नाही. मे महिन्याच्या बालवर्गात पडदा लावून कार्टूने दाखवावीत, असे कार्यकारिणीत ठरते आहे. माझा विरोध नाही. पण दोन तास नुसते पडद्यापुढे बसवून आपण चहाला जाऊ नये, एवढे मागणे आहे. पहिल्या दिवशी हा सात मिनिटांचा चित्रपट लावावा. पाखरे जाळ्यासकट उडाली की तिथेच थांबवावा आणि मुलांना विचारावे, आता ह्यांनी कुणाकडे जावे? ज्याला ज्या भाषेत सांगता येईल त्या भाषेत सांगू द्यावे. उंदीर त्यानंतर आले तरी चालतील.