तारखेचं गाव



मी वकील नाही, प्रयोगशाळेत काम करणारी बाई आहे. पण आपल्यापैकी कुणाची बहीण, कुणाची भाची या फेऱ्यात सापडते, म्हणून बोलते.

समजा, लग्न बंगळूरला झालं. नवऱ्याने घटस्फोटाचा अर्ज तिथेच केला. बायको लहान मुलासह माहेरी, नागपूरला. हिंदू विवाह कायद्याच्या कलम १९ प्रमाणे त्याचं काही चुकलं नाही. पण दर तारखेला तिने जायचं कसं? गेली नाही, तर निकाल एकतर्फी लागू शकतो.

यावर उपाय आहे. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम २५ खाली सर्वोच्च न्यायालय खटला दुसऱ्या राज्यात वर्ग करू शकतं. राज्य एकच असेल, तर कलम २४ खाली उच्च न्यायालयाकडे जायचं. अशा अर्जांत सर्वसाधारणपणे बायकोची सोय पाहावी, असं सर्वोच्च न्यायालयाने २०२२ साली म्हटलं आहे. मंजुरी मात्र आपोआप मिळत नाही. मूल, मिळकत, अंतर, सगळं मांडावं लागतं.

काहींना हा पक्षपात वाटतो. मला विचाराल, तर दोघांचं ऐकून दिलेला निकालच खरा निकाल. तेव्हा नोटीस आली की कपाटात ठेवू नका. तारीख बघा, वकील गाठा. आपण इथून निदान तिच्या वकिलाच्या फीला हातभार लावू शकतो.