नाव झाकून ठेवणारा लेखक : डॉ. जयंत नारळीकर

(मंडळाच्या वार्षिक संमेलनात शिरगाव येथे दिलेले भाषण)



मंडळाच्या संमेलनात आजवर झालेली भाषणे बहुधा आपल्या ज्ञातीतील कर्त्या पुरुषांविषयी व स्त्रियांविषयी झाली आहेत. ती प्रथा उचितच आहे. तथापि या वर्षी विषय निवडण्याची मोकळीक कार्यवाहांनी मला दिली, तिचा लाभ घेऊन मी अशा एका थोर पुरुषाविषयी बोलणार आहे, की जे आपल्या ज्ञातीचे नव्हते. आपली लेकरे ज्या मराठी भाषेत बोलतात त्या भाषेचे ते लेखक होते, एवढाच त्यांच्यावर आपला हक्क. आणि माझ्या मते तो पुरेसा आहे. खगोलशास्त्रज्ञ आणि विज्ञानकथाकार डॉ. जयंत विष्णु नारळीकर दिनांक २० मे २०२५ रोजी पुणे येथे निवर्तले. त्यांच्या शास्त्रीय संशोधनावर बोलण्याचा अधिकार मजसारख्या मॅट्रिकपर्यंत शिकलेल्या निवृत्त शिक्षकास नाही. परंतु त्यांच्या कथा-कादंबऱ्या आपल्यासारख्यांसाठीच लिहिलेल्या आहेत, आणि त्यांतून घेण्याजोगा एक धडा आपल्या मंडळाला अगदी जवळचा आहे.

नारळीकरांचा जन्म १९ जुलै १९३८ रोजी कोल्हापूर येथे झाला. वडील विष्णु वासुदेव नारळीकर हे बनारस हिंदू विश्वविद्यालयात गणिताचे विभागप्रमुख होते. मातोश्री सुमतीबाई संस्कृतच्या विदुषी होत्या. त्यामुळे बालपण बनारसला गेले आणि शालेय शिक्षण हिंदी माध्यमातून झाले. त्यांच्या मामांपैकी एक, मोरूमामा, त्या घरी राहून गणिताचा अभ्यास करीत असत. घरात फळा होता. मामांनी त्यावर एखादे अवघड गणित लिहावे, वर ‘ज. वि. ना. यांस आव्हान’ अशा अर्थाचा मथळा द्यावा, आणि भाच्याने ते सोडवीपर्यंत ते पुसू नये, असा त्या घरचा परिपाठ होता. ‘ज. वि. ना.’ ही तीन अक्षरे श्रोत्यांनी लक्षात ठेवावीत. पुढे त्यांचे काम पडणार आहे.

सन १९५७ मध्ये बनारसची पदवी घेऊन ते केंब्रिजला गेले. १९५९ मध्ये ते रँग्लर झाले आणि १९६३ मध्ये त्यांनी डॉक्टरेट मिळविली. त्यांचे गुरू फ्रेड हॉईल हे जगविख्यात खगोलशास्त्रज्ञ तर होतेच, शिवाय १९५७ मध्ये प्रसिद्ध झालेल्या ‘द ब्लॅक क्लाउड’ या गाजलेल्या वैज्ञानिक कादंबरीचे कर्तेही होते. मोठा शास्त्रज्ञ गोष्टी लिहितो आणि त्यामुळे त्याचे शास्त्र उणे होत नाही, हे शिष्याने गुरूच्या घरीच पाहिले. गुरुशिष्यांनी मिळून गुरुत्वाकर्षणाचा एक नवा सिद्धांत १९६४ मध्ये मांडला आणि नारळीकरांचे नाव भारतभर दुमदुमले. दुसऱ्याच वर्षी, वयाची २७ वर्षेही पूर्ण झाली नव्हती तोच, भारत सरकारने त्यांना पद्मभूषण दिले. १९७२ मध्ये ते मायदेशी परतले व मुंबईच्या टाटा मूलभूत संशोधन संस्थेत प्राध्यापक झाले.

आता आपण मूळ मुद्द्याकडे येऊ. सन १९७४ मध्ये अहमदाबाद येथे एका परिसंवादात ते बसले होते. चाललेले व्याख्यान कंटाळवाणे होते. हाताशी कागद होते; त्यांवर त्यांनी एक गोष्ट लिहावयास आरंभ केला. तिचे नाव ‘कृष्णविवर’. मराठी विज्ञान परिषद त्या काळी विज्ञानकथांची स्पर्धा घेत असे. तिच्याकडे ही कथा पाठवावी असे त्यांच्या मनात आले. परंतु पद्मभूषण मिळालेल्या जगप्रसिद्ध शास्त्रज्ञाची कथा समोर आली असता कोणता परीक्षक तिला निर्भयपणे नापास करील? आणि तिला बक्षीस मिळाले, तरी ते कथेचे की नावाचे, हे कोण सांगणार? म्हणून त्यांनी आपल्या आद्याक्षरांचा क्रम उलटा केला. ‘ज. वि. ना.’चे ‘ना. वि. ज.’ झाले आणि नारायण विनायक जगताप या नावाने कथा रवाना झाली. अक्षर ओळखले जाऊ नये म्हणून पत्नी मंगलाबाईंच्या हातून ती लिहून घेतली. मंगलाबाई स्वतः गणिताच्या विदुषी होत्या. कथेला पहिले पारितोषिक मिळाले, आणि त्यानंतरच जगताप म्हणजे कोण हे उघड झाले.

श्रोतेहो, बक्षीस मिळाले ही गोष्ट मी दुय्यम मानतो. ज्याच्या नावाला सर्वत्र मान होता, त्याने ते नाव बाजूला ठेवून चारचौघांच्या रांगेत उभे राहणे पत्करले, हे मला अधिक मोलाचे वाटते. बनारसच्या फळ्याचाच हा संस्कार असावा. फळ्यावरचे गणित कोणाच्या मुलाने सोडविले हे विचारीत नाही. उत्तर बरोबर की चूक, एवढेच ते जाणते.

विज्ञानकथा मराठीत नारळीकरांपासून सुरू झाली असे मात्र कोणी समजू नये. ज्यूल व्हर्न या फ्रेंच लेखकाची चंद्रप्रवासाची कादंबरी सन १९०० च्या सुमारासच ‘केरळ कोकिळ’ मासिकातून मराठीत आली होती, आणि पुढे भा. रा. भागवतांनी व्हर्नच्या कादंबऱ्या मुलांच्या हाती दिल्या. परंतु साहित्याच्या पंक्तीत या प्रकाराला पाट मिळाला नव्हता. नारळीकर लिहू लागल्यावर ‘किर्लोस्कर’चे संपादक मुकुंदराव किर्लोस्कर यांनी त्यांच्याकडून कथा मागवून घेतल्या, आणि १९७५ मध्ये कऱ्हाडच्या साहित्य संमेलनाच्या अध्यक्षपदावरून दुर्गाबाई भागवतांनी या नव्या लेखनाची आवर्जून दखल घेतली. ‘यक्षांची देणगी’ हा संग्रह, १९८३ मधील ‘प्रेषित’ ही कादंबरी, १९८६ मधील ‘वामन परत न आला’, पुढे ‘व्हायरस’ आणि ‘अभयारण्य’ असा हा प्रवाह वाहत राहिला.

या कथांचा मासला पाहावा. ‘गंगाधरपंतांचे पानिपत’ या कथेतील गंगाधरपंत हे इतिहासाचे प्राध्यापक. अपघात होऊन ते अशा एका जगात जातात, की जेथे १४ जानेवारी १७६१ रोजी पानिपतावर विश्वासरावांना गोळी लागलीच नाही आणि मराठे जिंकले. मुंबईत मात्र अजून इंग्रजांचे राज्य आहे. या कथेचे इंग्रजी रूप अकरावीच्या केंद्रीय पाठ्यपुस्तकात समाविष्ट झाले. त्यात पंत पुण्याहून मुंबईला ज्या आगगाडीने येतात, ती कर्जतला क्षणभर थांबते आणि कल्याणवरून धडधडत निघून जाते. कर्जत आणि कल्याण यांच्यामध्ये काय आहे, हे बदलापूरकरांना सांगावयास नको! त्या निराळ्या इतिहासातली गाडीही आपल्या रुळांवरून गेली आहे. पुढे मुंबईत पंतांना एक सभा दिसते. व्यासपीठावर अध्यक्षाची खुर्ची रिकामी असते. हजाराव्या वेळी अध्यक्ष होण्याचा योग आला असे समजून पंत तीत विराजमान होतात. पण त्या जगातील श्रोत्यांनी अध्यक्ष ही संस्थाच मोडीत काढलेली असल्यामुळे त्यांच्यावर टोमॅटो आणि अंडी यांचा वर्षाव होतो. आपले अध्यक्षमहाराज निश्चिंत असावेत. शिरगाव अद्याप याच इतिहासात आहे.

हसू बाजूला ठेवले, तर या कथेचा गाभा गंभीर आहे. एक गोळी तसूभर इकडची तिकडे झाली असती तर काय घडते, हा प्रश्न विचारण्यास शिकविणे हे विज्ञानकथेचे काम. ‘पुत्रवती भव’ या कथेत त्यांनी असाच प्रश्न घराघरात नेला : मुलगाच व्हावा अशी इच्छा प्रत्येकाला पुरी करून घेता आली, तर समाजाचे काय होईल? गर्भलिंगनिदानाविरुद्ध महाराष्ट्राने १९८८ मध्ये आणि देशाने १९९४ मध्ये कायदा केला. कायदा दवाखान्याच्या दारापर्यंत जातो. माजघरात गोष्टच पोहोचते. ‘वामन परत न आला’ या कादंबरीत जमिनीखाली एका लुप्त संस्कृतीचा ठेवा सापडतो आणि त्यातील ज्ञानावरून एक बुद्धिमान यंत्र घडविले जाते. बळीच्या दारी आलेल्या बटूप्रमाणे ते प्रथम लहान व उपयोगी भासते. पण त्याची पावले कोठवर पडतील, याचा अंदाज घडविणाऱ्यांना येत नाही. आज कृत्रिम बुद्धिमत्ता आपल्या मुलांच्या खिशात येऊन बसली आहे. ही कादंबरी तिच्या कितीतरी आधी लिहिली गेली, हे ध्यानात घेऊन ती पुन्हा वाचावी.

‘धूमकेतू’ या कथेत दत्तबाबूंना एका नव्या धूमकेतूचा शोध लागतो आणि त्याचे संकट टाळण्यासाठी जगभरचे शास्त्रज्ञ झटतात. घरी मात्र अरिष्टशांतीसाठी यज्ञ चाललेला असतो. नारळीकरांनी अशा समजुतींची केवळ थट्टा केली असती, तर ते त्यांच्या स्वभावाला धरून झाले नसते. सन २००८ मध्ये डॉ. नरेंद्र दाभोलकर आदी सहकाऱ्यांसह त्यांनी पुण्यात फलज्योतिषाची रीतसर परीक्षा घेतली. शंभर हुशार आणि शंभर मतिमंद मुलांच्या पत्रिका जमविल्या. २७ ज्योतिष्यांनी प्रत्येकी ४० पत्रिका पाहून कोणते मूल कोणत्या गटातले ते सांगितले. बरोबर उत्तरांचे प्रमाण सुमारे ४६ टक्के निघाले. नाणे उडवून सांगितले असते तरी ५० टक्क्यांच्या आसपासच आले असते. ज्योतिष्यांना मुलांची नावे सांगितलेली नव्हती आणि ज्योतिष्यांची उत्तरेही सांकेतिक खुणांनिशी तपासली गेली, हे येथे महत्त्वाचे. ‘कृष्णविवर’ कथेला लावलेला न्यायच येथेही लावला. आपल्या वधूवर मेळाव्यात पत्रिका मागण्यापूर्वी ही आकडेवारी प्रत्येक कुटुंबाने एकवार मनाशी आठवावी, एवढेच नम्रपणे सुचवितो.

त्यांच्या आयुष्याचा उत्तरार्ध पुण्यात गेला. १९८८ मध्ये तेथे ‘आयुका’ ही खगोलशास्त्राची संस्था त्यांनी उभारली आणि २००३ पर्यंत तिचे संचालकपद सांभाळले. विश्व एका महास्फोटातून जन्मले हे मत जगाने स्वीकारल्यावरही, आपल्याला पटत नाही ते पटत नाही असे ते अखेरपर्यंत सांगत राहिले. बहुमताला ते भ्याले नाहीत. मुले स्वाक्षरी मागावयास आली, की ते त्यांना पोस्टकार्डावर एखादा प्रश्न लिहून पाठविण्यास सांगत. उत्तर स्वाक्षरीसह येत असे. नुसत्या नावापेक्षा उत्तर अधिक मोलाचे, ही शिकवण यातही होतीच. १९९६ मध्ये युनेस्कोचा कलिंग पुरस्कार, २००४ मध्ये पद्मविभूषण, ‘चार नगरांतले माझे विश्व’ या आत्मचरित्राला २०१४ चा साहित्य अकादमी पुरस्कार, आणि २०२१ च्या नाशिक साहित्य संमेलनाचे अध्यक्षपद असे मान त्यांना लाभले. प्रकृती साथ देत नसल्यामुळे नाशिकला ते उपस्थित राहू शकले नाहीत. १७ जुलै २०२३ रोजी मंगलाबाई गेल्या, आणि दोन वर्षे पुरी होण्यापूर्वी त्यांचीही जीवनयात्रा संपली.

बंधुभगिनींनो, हिंदीत शिकलेल्या आणि इंग्रजीत संशोधन केलेल्या या माणसाने गोष्ट सांगावयाची म्हटल्यावर मराठी निवडली. आपली मुले इंग्रजी शाळांत जातात, जावोत. पण मराठी वाचल्याने विज्ञान मागे पडते हा जो समज आपल्या घरांतून रुजला आहे, त्याला नारळीकरांचे चरित्र हे चोख उत्तर आहे. म्हणून माझी पहिली विनंती अशी, की मंडळाच्या कपाटात त्यांच्या पुस्तकांसाठी एक फळी राखावी आणि गुणगौरवाच्या दिवशी हार-श्रीफळाबरोबर एकेक पुस्तक मुलांच्या हाती द्यावे.

दुसरी विनंती थोडी अवघड आहे. आपल्या निबंधस्पर्धेच्या कागदांवर मुलाचे संपूर्ण नाव, वडिलांचे नाव आणि गाव लिहिलेले असते. परीक्षक आपल्यातलेच, ते पक्षपात करतात असे मी म्हणत नाही. परंतु विश्वस्ताच्या नातवाला बक्षीस मिळाले की कुजबूज होते, आणि त्यात त्या नातवावरही अन्याय होतो. कारण त्याचा निबंध खरोखर चांगला होता की काय, हे त्याला स्वतःला कधीच कळत नाही. भाड्याच्या खोलीत राहणाऱ्या मुलीचा निबंध मागे पडला, तर तिलाही ते कळत नाही. यापुढे कागदावर फक्त क्रमांक असावा आणि नावे बंद पाकिटात राहावीत. खर्च एका पाकिटाचा आहे. आपण ज्ञातीच्या नावाने एकत्र आलो आहोत, यात गैर काही नाही. नाव माणसाला आधार देते. पण मुलाच्या बुद्धीची पारख करतेवेळी ते क्षणभर झाकून ठेवावे. ज्यांचे नाव सर्वांत मोठे होते, त्यांनी ते करून दाखविले आहे.

कार्यकारी मंडळ या दोन्ही सूचनांचा येत्या सभेत विचार करील अशी आशा बाळगतो.