पोथी मनाला लागावी

(बोरी अरब येथे केलेल्या भाषणाचा सारांश)



आपल्या गावांत आजही श्रावणात पोथी लागते. परंतु घरात पोथी लागणे निराळे आणि ती मनाला लागणे निराळे. हा भेद सांगताना आपल्याच विदर्भातील प्रज्ञाचक्षू श्रीगुलाबराव महाराजांचे स्मरण होते.

१८८१ साली अमरावती जिल्ह्यात जन्मलेल्या महाराजांची दृष्टी तान्हेपणीच गेली. इतरांनी ग्रंथ वाचावा, महाराजांनी ऐकावा. महाराजांनी सांगावे, इतरांनी लिहून घ्यावे, असा त्यांचा अभ्यास. १९१५ साली देह ठेवला, तेव्हा वय अवघे ३४ वर्षांचे; मागे लहानमोठ्या शंभराहून अधिक ग्रंथांचे धन! स्वतःस ज्ञानेश्वरकन्या म्हणविणाऱ्या या भक्ताने डार्विन, स्पेन्सर यांच्या मतांचीही चिकित्सा केली. प्रश्नांनी त्यांची श्रद्धा उणावली नाही. उलट ती अधिक डोळस झाली.

आम्ही मात्र मुलाने शंका काढली की त्याला गप्प बसवतो. मग तो पोथीपासून दुरावला, तर दोष कोणाचा? ज्याला उत्तर येत नाही, त्याने मुलासह पुन्हा ग्रंथ उघडावा.

म्हणून दोनच गोष्टी मागतो. अध्याय संपल्यावर जे समजले आणि जे समजले नाही, ते चार ओळींत वहीत लिहा. आणि शेजारी दृष्टी अधू झालेली कुणी आजी असेल, तर तिला रोज एक अध्याय वाचून दाखवा. महाराजांसाठी वाचणारे होते, लिहिणारे होते; म्हणूनच ते ग्रंथधन आपल्यापर्यंत पोहोचले. त्या अनाम हातांचे ऋण असेच फिटेल.