पायांतला ताल



मी कथक शिकवते, म्हणून संयोजकांनी मला टॅप डान्सवर चार शब्द बोलायला सांगितलं. दिंडोरीत टॅप डान्सचं काय काम, असं तुम्हाला वाटेल. पण ही गोष्ट आपल्या ओळखीची आहे.

१७३९ साली अमेरिकेतल्या साउथ कॅरोलिनात गुलामांनी ढोल वाजवत बंड केलं. पुढच्याच वर्षी कायद्यानं त्यांचे ढोल बंद केले. ताल मात्र बंद झाला नाही. तो टाळ्यांत आणि पायांत उतरला. पुढे न्यूयॉर्कच्या गरीब वस्तीत त्यात आयरिश लोकांचा नाच मिसळला, बुटांच्या तळाला धातूच्या पट्ट्या लागल्या आणि टॅप डान्स घडला. त्यातला मोठा कलावंत बिल रॉबिन्सन. लाखो डॉलर कमावून १९४९ साली तो कफल्लक अवस्थेत वारला. चाळीस वर्षांनी त्याचा जन्मदिवस, २५ मे, अमेरिकेत टॅप डान्स दिन ठरला.

आता आपल्याकडे बघा. स्वातंत्र्यानंतर लगेच मुंबई सरकारनं तमाशावर बंदी घातली. पुढे अटी घालून ती उठवली. विठाबाई नारायणगावकरांनी प्रयोग चालू असताना पडद्यामागे बाळाला जन्म दिला आणि पुन्हा घुंगरं घालून लोकांपुढे उभ्या राहिल्या. राष्ट्रपतींच्या हस्ते सन्मान झाला, तरी त्यांचं म्हातारपण हलाखीतच गेलं. २००२ साली त्या गेल्या. आज त्यांच्या नावानं सरकार जीवनगौरव पुरस्कार देतं.

म्हणजे ताल सगळ्यांना हवा असतो. तो ज्यांच्या पायांत आहे, त्यांना मात्र आपण लांब बसवतो.

आपल्या वर्गात आत्याकडे राहून शिकणारी एक मुलगी होती. तिची आई फडात नाचायची. स्नेहसंमेलनात लावणी बसली, तेव्हा मधल्या सुट्टीत पायऱ्या शिकवायला सगळ्यांना तीच हवी होती. स्टेजवर मात्र तिला घेतलं नाही. 'लोक नावं ठेवतील,' असं मोठ्यांपैकी कुणीतरी म्हणालं. कथकचे धडे मी पुढे पुण्यात घेतले, पण सम कशी गाठायची ते मला तिनं शिकवलं.

आजच्या यादीत तिचं नाव नाही. दहावीच्या आधीच तिची शाळा सुटली, म्हणून. तिचा ठावठिकाणा कुणाला माहीत असेल, तर जेवणाआधी मला सांगा. पुढच्या मेळाव्याचं पहिलं आमंत्रण तिला जावं, आणि या स्टेजवर तिची खुर्ची गुरुजनांच्या शेजारी असावी, एवढंच मागणं आहे.