आधी हिशेब दाखवा



आज आम्ही तुम्हाला लोकांना हसवणाऱ्या एका बाईंची गोष्ट सांगणार आहोत. त्यांचं नाव अनिका डेकर. त्या जर्मनीच्या. विनोदी सिनेमांच्या पटकथा लिहितात. पडद्यावर नट बोलतो, आपण पोट धरून हसतो. पण तो विनोद आधी कुणीतरी कागदावर लिहिलेला असतो. ते काम यांचं.

२००७ साली त्यांचा एक सिनेमा आला, ‘काइनओअरहाझन’. म्हणजे बिनकानाचे ससे! एका चावट बातमीदाराला कोर्ट शिक्षा म्हणून बालवाडीत काम करायला पाठवतं. तिथल्या बाईंना त्यानं लहानपणी छळलेलं असतं. मग पुढची गंमत तुम्हीच ओळखा. पटकथा डेकर आणि टिल श्वायगर या दोघांची. श्वायगरच नायक, तेच दिग्दर्शक. जर्मनीत साठ लाखांहून जास्त लोकांनी थिएटरात जाऊन तो पाहिला. २००९ साली दुसरा भाग आला, तोही चालला.

डेकर यांना करारात ठरलेलं मानधन मिळालं होतं. सही झाली, पैसे मिळाले, विषय संपला, असं आपण म्हणू. पण जर्मनीच्या कॉपीराइट कायद्यात एक कलम आहे. कमाईच्या मानानं लेखकाला मिळालेले पैसे फारच कमी असतील, तर तो वाढीव वाटा मागू शकतो.

अडचण एकच. कमाई किती झाली, हे लेखिकेला कळणार कसं? वह्या तर कंपनीकडे! म्हणून त्यांनी आधी हिशेब मागितला. २०२० साली बर्लिनच्या कोर्टानं सांगितलं, निर्माती कंपनी आणि वितरक वॉर्नर यांनी हिशेब दाखवावा. २०२३ साली त्याच कोर्टानं सुमारे १ लाख ८० हजार युरो जादा द्यावेत आणि पुढच्या कमाईतही वाटा द्यावा, असा निकाल दिला.

मोठ्या लोकांशी भांडलं तर काम बंद होईल, ही भीती कुणाला नसते? पण डेकर लिहीत राहिल्या. २०१५ साली ‘ट्राउमफ्राउएन’ हा सिनेमा त्यांनी लिहिला आणि दिग्दर्शितही केला. २०१९ साली कादंबरी आली.

आपल्याकडेही २०१२ साली कॉपीराइट कायदा बदलला. सिनेमाची पटकथा किंवा गाणं थिएटरबाहेर, टीव्हीवर वगैरे वापरलं, तर लिहिणाऱ्याचा रॉयल्टीचा हक्क राहतो. पापड-लोणच्याला हा कायदा नाही. तिथं आपला करार हाच आपला आधार. म्हणून गटाच्या पुढच्या बैठकीत व्यापाऱ्याचा कागद आला, की सही करण्याआधी तो मोठ्यानं वाचून घ्या. माल पुढे किती विकला, याचा हिशेब आम्हाला केव्हा दाखवणार, हे विचारा. आणि उत्तर त्याच कागदावर लिहून घ्या.

भेटू पुढच्या भागात. नमस्कार!