सुटका कोणाची, लेखणी कोणाची?

(नंदुरबार येथे युवक-युवतींच्या अभ्यास शिबिरात केलेल्या भाषणाचे शब्दांकन)



तुमच्यापैकी कितीजण नाशिकला जाऊन आले आहेत? बरेच हात वर झाले. परीक्षेला, दवाखान्याला, नोकरीच्या मुलाखतीला आपण नाशिकला जातोच. तिथला शरणपूर रोडही तुम्हाला माहीत असेल. दुकाने, दवाखाने, क्लासेस. पण त्या जागेचे नाव शरणपूर का पडले, हे कोणी विचारले आहे का?

शरणपूर ही ख्रिस्ती मिशनने वसवलेली वस्ती होती. शरण आलेल्यांचे गाव म्हणून शरणपूर. एकोणिसाव्या शतकात अरबी समुद्रात गुलामांची वाहतूक करणारी गलबते इंग्रज आरमार पकडत असे. त्यांवरची आफ्रिकी मुले-मुली मुंबईत उतरवली जात. त्यांतल्या अनेकांना शरणपूरच्या आश्रमात आणले गेले. तिथे त्यांना लिहायला-वाचायला, सुतारकाम, लोहारकाम शिकवले जाई. म्हणजे नाशिकमध्ये, गोदावरीकाठी, आफ्रिकेतून पळवून आणलेली मुले पाटीवर अक्षरे गिरवत होती. शाळेच्या इतिहासात हे आपल्याला कोणी सांगितले नाही.

त्यांतल्या एका मुलाचे नाव जेकब वेनराइट. हे नाव त्याच्या आईबापांनी ठेवलेले नव्हते. तो याओ जमातीचा, नाशिकला शिकलेला. पुढे तो आफ्रिकेत डेव्हिड लिव्हिंगस्टन या प्रवाशाच्या तांड्यात सामील झाला. लिव्हिंगस्टन १ मे १८७३ रोजी आजच्या झांबियात वारला. त्याच्या सोबत्यांनी ठरवले, मृतदेह समुद्रकिनाऱ्यापर्यंत न्यायचा. सुमारे नऊ महिने, दीड हजार किलोमीटरहून जास्त वाट त्यांनी पायी तुडवली. तांड्याचे पुढारी दोन, चुमा आणि अब्दुल्ला सुसी. दोघेही काही काळ मुंबईत राहिलेले. सुसीने तर मुंबईच्या गोदीत काम केले होते. वेनराइटला लिहिता येत होते, म्हणून त्याने जवळच्या झाडावर मृत्यूची नोंद कोरली आणि प्रवासाची रोजनिशी लिहिली.

एप्रिल १८७४ मध्ये लंडनला लिव्हिंगस्टनचा दफनविधी झाला, तेव्हा शवपेटीला खांदा देणाऱ्यांत वेनराइट होता. लिव्हिंगस्टनचे नाव जगभर झाले. वेनराइटची मूळ रोजनिशी वाचकांपुढे यायला मात्र जवळजवळ दीडशे वर्षे लागली. सोडवणाऱ्याचा पुतळा लगेच उभा राहतो. जो सुटला त्याची वही पेटीत पडून राहते. आजचे माझे सगळे बोलणे त्या वहीबद्दल आहे.

आता १८७३ हेच साल धरून ठेवा. त्या वर्षी जूनमध्ये झांझिबारच्या सुलतानाने इंग्रजांशी करार केला आणि तिथला गुलामांचा बाजार बंद झाला. त्यासाठी आधी बोलणी करायला गेले होते सर बार्टल फ्रियर, मुंबई इलाख्याचे माजी गव्हर्नर. आणि त्याच वर्षी पुण्यात जोतीराव फुल्यांचे ‘गुलामगिरी’ प्रसिद्ध झाले. सप्टेंबरमध्ये त्यांनी सत्यशोधक समाज स्थापन केला.

‘गुलामगिरी’चे नाव तुम्ही सगळ्यांनी ऐकले आहे. त्याची अर्पणपत्रिका किती जणांनी वाचली आहे? जोतीरावांनी ते पुस्तक अमेरिकेतल्या सज्जन लोकांना अर्पण केले, कारण त्यांनी काळ्या माणसांची गुलामी संपवण्यासाठी त्याग केला होता. आपल्या देशबांधवांनीही हा कित्ता गिरवून शूद्र बांधवांना सोडवावे, अशी इच्छा त्यांनी व्यक्त केली. अमेरिकेत घटनादुरुस्तीने गुलामी रद्द झाली डिसेंबर १८६५ मध्ये. आठ वर्षांत पुण्यातला एक माळी माणूस म्हणतो की तिकडचे दुःख आणि इकडचे दुःख एकाच जातीचे आहे. ना रेडिओ, ना मोबाइल. तरी त्याला ते कळले.

कसे कळले? कारण दोन्हीकडे कुलूप एकच होते. अमेरिकेच्या दक्षिणेत अनेक राज्यांत गुलामाला वाचायला शिकवणे हा गुन्हा होता. आपल्याकडे शूद्रातिशूद्रांना आणि बायकांना विद्याबंदी होती. बेडी पायात असते, पण कुलूप डोक्याला लावावे लागते. तसे केले नाही तर बेडी फार दिवस टिकत नाही.

हे फ्रेडरिक डग्लस या माणसाने ओळखले. तो अमेरिकेत गुलाम म्हणून जन्मला. मालकिणीने त्याला चार अक्षरे शिकवली. मालकाने ते बंद पाडले, म्हणाला, शिकला तर हा गुलामीच्या कामाचा राहणार नाही. डग्लसला त्या क्षणी आपली वाट सापडली. रस्त्यावरच्या गरीब गोऱ्या पोरांना तो भाकरीचा तुकडा देई आणि बदल्यात त्यांच्याकडून अक्षरे शिके. १८३८ मध्ये तो पळाला, नवे आडनाव घेतले आणि १८४५ मध्ये आपली कहाणी स्वतः लिहिली. पुढे वर्तमानपत्रही चालवले.

बरोबर दहा वर्षांनी, १८५५ मध्ये, आपल्या मराठीत मुक्ता साळवे या मांग समाजातल्या मुलीचा निबंध ‘ज्ञानोदय’मध्ये छापून आला. जोतीराव-सावित्रीबाईंच्या शाळेतली ही विद्यार्थिनी. वय साधारण चौदा. मांग-महारांच्या दुःखाबद्दल तिने स्वतः लिहिले. समोर बसलेल्या मुलींनो, तुमच्या वयाचीसुद्धा नव्हती ती.

आणि एक माणूस आपल्याला जास्त जवळचा वाटावा असा. उमर इब्न सईद. पश्चिम आफ्रिकेतल्या फुता तोरोचा, आजच्या सेनेगलमधला. वर्षानुवर्षे इल्म घेतलेला आलिम. १८०७ मध्ये त्याला पकडून अमेरिकेत विकले. मालक समजत होते की हा अडाणी जनावर आहे. त्याने तुरुंगाच्या भिंतीवर कोळशाने अरबी लिहिले. १८३१ मध्ये त्याने अरबीत आपले छोटे आत्मचरित्र लिहिले आणि त्याची सुरुवात केली सूरह मुल्कने. मुल्क म्हणजे सत्ता, मालकी. मालकी खरी कोणाची, हे त्याने पहिल्याच पानावर सांगून टाकले. मालकाला ती भाषा वाचता येत नव्हती.

इथपर्यंत ऐकताना तुम्हाला छान वाटले असेल. आता जरा अवघड भाग. आपल्या घराकडे बघू.

गुलामीचा विषय निघाला की आपण लगेच हजरत बिलाल यांचे नाव घेतो. घ्यायलाच हवे. महाराष्ट्रात मलिक अंबरचे नाव घेतो. तेही घ्यावे. इथिओपियातला चापू नावाचा मुलगा, बाजारा-बाजारांतून विकला जात दख्खनला पोहोचला आणि निजामशाहीचा कर्ता झाला. खडकी शहर वसवले, तेच पुढचे औरंगाबाद. पाण्यासाठी नहर काढली, जमीनमहसुलाची घडी बसवली, मुघलांना वर्षानुवर्षे दमवले. १६२६ मध्ये वारला, खुलदाबादला त्याची कबर आहे. अभिमान वाटावा असाच माणूस.

पण चापूला विकले कोणी? विकत घेतले कोणी? मोखा आणि बगदादच्या बाजारात उभे राहून भाव करणारे मुसलमानच होते. झांझिबारचा सुलतान मुसलमान होता. त्या व्यापारात भांडवल घालणाऱ्यांत कच्छ आणि मुंबईचे हिंदू व्यापारी होते तसे मुसलमानही होते. एक अंबर वर आला, त्याच्या मागे ज्यांचे नावही उरले नाही अशी हजारो मुले होती. आपण फक्त अंबरचे नाव घेतले, तर त्या मुलांवर दुसऱ्यांदा अन्याय होतो.

कोणी म्हणेल, आपल्या दीनमध्ये गुलाम सोडवण्याची शिकवण आहे. आहेच. जकातीच्या आठ वाटेकऱ्यांत एक वाटा मान सोडवण्यासाठी, फिर्रिकाब, असा सांगितलेला आहे. प्रश्न असा की शिकवण असूनही बाजार हजार वर्षांहून अधिक काळ का चालला? कारण ज्यांच्या हातात व्यापार आणि फौज होती त्यांनी सोयीपुरती शिकवण घेतली. सगळ्यांनी तसे केले नाही. ट्युनिसच्या अहमद बे याने १८४६ मध्ये गुलामी रद्द केली, फ्रान्सच्या दोन वर्षे आणि अमेरिकेच्या एकोणीस वर्षे आधी. दुसरीकडे सौदी अरेबियात ती कायद्याने संपली १९६२ मध्ये, मॉरिटानियात १९८१ मध्ये. दोन्ही गोष्टी आपल्याच आहेत. अर्धी सांगायची आणि अर्धी लपवायची, हा इतिहास नव्हे.

आता अगदी घरी येऊ. नंदुरबार जिल्ह्यात.

जुलै १९४६ मध्ये अमेरिकेतले कृष्णवर्णीय विचारवंत डब्ल्यू. ई. बी. दु बॉइस यांनी डॉ. बाबासाहेब आंबेडकरांच्या पत्राला उत्तर पाठवले. अमेरिकेतले काळे लोक आपली कैफियत संयुक्त राष्ट्रांपुढे नेत होते, आणि बाबासाहेबांना त्या अर्जाची प्रत हवी होती. जोतीरावांनी ओळखलेले नाते इथे पत्रव्यवहारात आले. १९७२ मध्ये मुंबईत दलित पँथर उभी राहिली, तिचे नावच अमेरिकेतल्या ब्लॅक पँथरवरून घेतलेले. आणि त्याच काळात इथे, शहादा-तळोद्यात, भिल्ल शेतमजूर उठले होते. अंबरसिंग सुरतवंती या भिल्ल कार्यकर्त्याने त्यांना जागे केले, १९७२ मध्ये श्रमिक संघटना उभी राहिली. नाव बघा, अंबरसिंग. एक अंबर दख्खनचा, एक शहाद्याचा.

ते कशाविरुद्ध उठले होते? गेलेल्या जमिनी परत मिळाव्यात म्हणून, आणि सालदारीविरुद्ध. सालदारी तुमच्या आजोबांना विचारा. वर्षभराचा करार, आधी घेतलेली उचल, मग दिवस-रात्र मालकाच्या शेतावर. खाडा पडला की पैसे कापायचे. साल संपले तरी कर्ज संपत नाही, म्हणून पुन्हा पुढचे साल. कागदावर तो गुलाम नव्हता. हिंदुस्थानात १८४३ च्या कायद्यानेच गुलामीची कायदेशीर मान्यता काढून घेतली होती, १८६० च्या दंडसंहितेने गुलामांची खरेदी-विक्री गुन्हा ठरवली होती. तरी माणूस बांधलेलाच होता. फरक एवढाच की साखळीच्या जागी वही आली होती.

अशा माणसांसाठी राज्यघटनेत अनुच्छेद २३ आहे, आणि १९७६ चा वेठबिगार पद्धती उच्चाटन कायदा आहे. हा कायदा प्रत्येकाने वाचावा. त्यात म्हटले आहे की वेठबिगारीचे कर्ज आपोआप रद्द होते, ते फेडायची गरज नाही, वसूल करणे हाच गुन्हा. जिल्हाधिकारी आणि प्रांताधिकारी यांना त्याचे अधिकार आहेत, जिल्हा आणि उपविभाग पातळीवर दक्षता समिती असायलाच हवी. १९८२ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सांगितले की किमान वेतनापेक्षा कमी मजुरीवर राबवून घेणे हीदेखील सक्तीची मजुरी आहे.

आणि आज? दिवाळीच्या सुमारास नवापूर, धडगाव, अक्कलकुवा, तळोद्यातून ट्रक आणि टेम्पो भरून माणसे गुजरातेत ऊसतोडीला जातात. नवरा-बायको मिळून एक कोयता. उचल पावसाळ्यातच घेतलेली असते, घरात धान्य नसते तेव्हा. ती मुकादमाच्या वहीत लिहिलेली असते आणि मजुराला ती वही वाचता येत नाही. बरोबर गेलेल्या पोरांची शाळा सुटते ती सुटतेच. प्रत्येक उचल म्हणजे वेठबिगारी नव्हे. पण ज्याला काम सोडून घरी परतता येत नाही, दुसरीकडे जाता येत नाही, मजुरी किती झाली ते विचारता येत नाही, तो बांधलेला आहे.

मला माझ्या लहानपणचे एक आठवते. आमच्या मोहल्ल्यातले एक चाचा मजुरांची ने-आण करायचे. भला माणूस, पाच वक्ताचा नमाजी. एकदा एक आदिवासी बाई लेकराला घेऊन त्यांच्या दारात आली, म्हणाली, भाऊ, माझा हिशोब सांग. चाचांनी वही उघडली, एक आकडा सांगितला, वही मिटली. ती उभीच राहिली. मग गेली. मी तेव्हा सातवीत होतो, मला वाचता येत होते. मी ती वही मागून घेतली नाही, तिला वाचून दाखवली नाही. आज इतक्या वर्षांनी ते आठवते.

म्हणून आपण साखळीच्या कोणत्या टोकाला आहोत, हे प्रत्येकाने बघायचे. आपली मुले सुरतेत मागावर, गॅरेजमध्ये, हॉटेलात बारा-बारा तास राबतात, तिथे आपण एका टोकाला आहोत. आपल्यातला कोणी मुकादम आहे, कोणाची वीटभट्टी आहे, कोणाची गाडी मजूर वाहते, तिथे आपण दुसऱ्या टोकाला आहोत. फक्त पहिल्या टोकाची तक्रार करायची आणि दुसरे विसरायचे, असे चालणार नाही.

मग करायचे काय? मोठे काही सांगत नाही. एक, तुमच्या गावात, पाड्यावर हंगामाला जाणाऱ्या कुटुंबाकडे स्वतःची वही असू द्या. उचल किती, रोज किती टन, मजुरी किती, हे त्यांच्या समोर लिहा आणि त्यांच्या पोराला लिहायला शिकवा. दोन, कोणी अडकले असेल तर तहसील किंवा प्रांत कार्यालयात अर्ज लिहून द्या. मुक्ती प्रमाणपत्राशिवाय पुनर्वसनाचे पैसे मिळत नाहीत. तीन, सुटलेल्या घराला पहिले काही महिने धान्य लागते. फिर्रिकाबचा वाटा आज कुठे जावा, हे आपल्या मशिदीत, आपल्या उलेमांना अदबीने विचारा.

आणि चौथे, त्यांचे म्हणणे त्यांनाच लिहू द्या. आपण त्यांच्या वतीने भाषणे करू नयेत, माझेही हे भाषण त्यात आले. वेनराइटची वही दीडशे वर्षे पडून राहिली. तुमच्या पाड्यावरच्या मुलीची वही इतकी वर्षे पडून राहू नये, एवढे पाहणे तुमच्या हातात आहे.